लाल टोपीचा खटला

परीकथांचा अर्थ लावायला बसलेली शहाणी माणसं कुठं आणि कशी घसरतात हे बघायचं असेल तर लाल टोपीवालीच्या प्रकरणासारखं दुसरं प्रकरण नाही. गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. आई मुलीला टोपली देऊन आजारी आजीकडं पाठवते, वाटेत लांडगा भेटतो, तो आधी पोचून आजीला गिळतो आणि तिचे कपडे घालून पलंगावर पडतो, मग ते कान-डोळे-तोंडाचे प्रश्न, आणि शेवटी शिकारी येऊन पोट फाडतो. गोष्ट एवढीशी, पण तिच्यावर लिहिलं गेलेलं वाचायला घेतलं तर वर्ष पुरणार नाही. म्हणून इथं एकच भांडण घेतो. टोपी लाल का, याचं एका मानसविश्लेषकानं छातीठोक उत्तर दिलं, तेहतीस वर्षांनी एका इतिहासकारानं ते उत्तर पार उसवून ठेवलं, आणि नंतर जे पुरावे पुढं आले ते त्या दोघांनाही धड सोयीचे नाहीत.

फ्रॉमचा दावा

एरिक फ्रॉम मूळचा फ्रँकफर्टचा, नाझी आल्यावर अमेरिकेत गेलेला मानसविश्लेषक. १९५१ मध्ये त्याचं स्वप्नं, परीकथा आणि मिथकांवरचं पुस्तक आलं. त्याचा मुद्दा थोडक्यात असा की या तिन्ही गोष्टी एकाच भाषेत बोलतात, प्रतीकांच्या. ही माणसाची सगळ्यात जुनी आणि सगळीकडे सारखी असलेली भाषा आहे, आपण ती विसरलोय एवढंच. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढं हेच त्याच्या अंगावर येणार आहे.

तर या भाषेचा नमुना म्हणून त्यानं लाल टोपीवालीची गोष्ट घेतली, जर्मन कथासंग्राहक ग्रिम बंधूंच्या पुस्तकातली. आणि यातली बरीचशी प्रतीकं समजायला काही अवघड नाही असं म्हणतच तो सुरुवात करतो. लाल मखमली टोपी म्हणजे मासिक पाळी, मुलगी वयात आलीये. आई बजावते की वाट सोडू नकोस, पडशील आणि बाटली फुटेल, तर ही बाटली म्हणजे कौमार्य. लांडगा म्हणजे पुरुष, आणि त्याचं गिळणं म्हणजे मुलीच्या नजरेतून दिसणारा शरीरसंबंध, पुरुष बाईला खाऊन टाकतो असा. इथवर ठीक आहे, त्या काळच्या फ्रॉइडवाल्यांकडून अपेक्षितच. पण फ्रॉम पुढं जातो. लांडग्याच्या पोटात दोन जिवंत बायका आहेत, म्हणजे तो गर्भारपणाचं सोंग करतोय, बाईला जे जमतं ते त्याला जमवायचंय, आणि म्हणून त्याच्या पोटात दगड भरले जातात, दगड म्हणजे वांझपणा, त्यातच तो मरतो. एकूण काय, तर ही पुरुषांचा द्वेष करणाऱ्या बायकांच्या विजयाची कथा आहे, बापाला मारून आईशी लग्न करणाऱ्या ग्रीक ईडिपसच्या कथेच्या बरोबर उलटी.

वाचताना भारी वाटतं हे मान्य करायला हवं. प्रत्येक वस्तू आपापल्या जागी जाऊन बसते, एकही तुकडा उरत नाही. मला विचाराल तर संशय तिथूनच यायला हवा.

डार्नटन

१९८४ मध्ये रॉबर्ट डार्नटन या अमेरिकन इतिहासकाराचं अठराव्या शतकातल्या फ्रान्सवरचं पुस्तक आलं. त्यातला पहिलाच निबंध शेतकऱ्यांच्या लोककथांवर आहे, आणि त्याची सुरुवातच फ्रॉमच्या पंचनाम्यानं होते. डार्नटन आधी ती गोष्ट फ्रेंच शेतकरी सांगायचे तशी सांगतो, मग फ्रॉमचं वाचन ठेवतो, आणि मग विचारतो की अहो, ज्या वस्तूंवर एवढा इमला उभा केला त्या वस्तू या गोष्टीत आहेत कुठं? टोपी नाही. वाट सोडू नकोस, बाटली फुटेल असं कुणी सांगत नाही. शिकारी नाही, पोट फाडणं नाही, दगड नाहीत. थोडक्यात, शेतकऱ्यांच्या गोष्टीत जे नव्हतंच त्याचा फ्रॉमनं बिनचूक अर्थ लावला. डार्नटनचं एकूण म्हणणं असं की मानसविश्लेषक या कथांना काळवेळ नसलेल्या पेशंटसारखं कोचावर आडवं करतात, आणि कोण सांगत होतं, कुणाला, कधी, खायला घरात काय होतं, हे विचारतच नाहीत.

त्याचा आधार होता पॉल डेलारू आणि मारी-लुईज तेनेझ यांनी केलेली फ्रेंच लोककथांची मोठी सूची. तिच्यात या कथेची पस्तीस फ्रेंच रूपं नोंदलेली आहेत, आणि त्यातल्या बऱ्याच रूपांवर छापील पुस्तकाची सावली दिसत नाही.

एक योगायोग सांगायला हवा. डेलारूचा या कथेवरचा अभ्यास एका फ्रेंच लोकसाहित्याच्या नियतकालिकात छापून आला तोही १९५१ मध्येच, म्हणजे फ्रॉमचं पुस्तक आलं त्याच वर्षी. तेव्हा फ्रॉमनं तो वाचायला हवा होता असं म्हणणं जरा जास्त होईल. पण दुसरं कुठलंच रूप बघायची गरज वाटू नये, एवढी खात्री मात्र त्याची स्वतःचीच होती.

निएव्रची गोष्ट

आता ज्या गोष्टीच्या जोरावर हे सगळं चाललंय ती नीट बघू, कारण ती खरंच वेगळी आहे. फ्रान्सच्या मध्यभागातल्या निएव्र भागात आशिल मिलियाँ नावाचा कवी लोकगीतं आणि कथा गोळा करत फिरायचा, त्यानं १८८५ च्या सुमारास ही उतरवून घेतली.

एका बाईनं पाव भाजलेत. ती मुलीला म्हणते, हा गरम पाव आणि ही दुधाची बाटली आजीला देऊन ये. (बाटली आहे बघा. पण दुधाची, आणि ती फुटेल म्हणून कुणी काळजी करत नाही.) चौकात नरलांडगा भेटतो, साधा लांडगा नाही, माणसाचा लांडगा होणारा. तो विचारतो, कुठल्या वाटेनं जाणार, सुयांच्या की टाचण्यांच्या? मुलगी म्हणते सुयांच्या, आणि वाटेत सुया वेचत बसते. तोवर तो टाचण्यांच्या वाटेनं पुढं जाऊन आजीला मारतो, तिचं थोडं मांस कपाटात ठेवतो आणि रक्ताची बाटली फळीवर. मुलगी येते. आजीच्या आवाजात तो सांगतो, कपाटात मांस आहे ते खा, फळीवर वाइन आहे ती पी. मुलगी खाते-पिते. तिथं एक मांजर आहे, ते बोलतं, की आजीचं मांस खाणारी आणि रक्त पिणारी ही कसली छिनाल पोरगी! मग लांडगा म्हणतो कपडे काढ आणि ये माझ्याशेजारी. ती विचारते, एप्रन कुठं ठेवू? टाक चुलीत, आता तुला लागणार नाही. मग चोळी, मग झगा, मग परकर, मग मोजे, प्रत्येक वेळी तोच प्रश्न आणि तेच उत्तर. मग, आजी तू किती केसाळ गं, थंडीत ऊब राहते बाळा. नखं किती मोठी, खाजवायला बरी. खांदे किती रुंद, मोळी उचलायला. नाकपुड्या किती मोठ्या, तपकीर ओढायला. तोंडापर्यंत आल्यावर, तुला खायला.

आणि इथं मुलगी म्हणते, आजी, मला बाहेर जायचंय, जोराची लागलीये. तो म्हणतो पलंगातच कर. नाही, बाहेरच जायचंय. बरं, पण लवकर ये. तो तिच्या पायाला लोकरीचा दोर बांधून तिला सोडतो. ती अंगणात जाते, दोराचं टोक अंगणातल्या आलुबुखाराच्या झाडाला बांधते आणि पळ काढते. आतून आवाज, किती वेळ बसलीयेस तिथं? उत्तर नाही. तो धावतो, पण तो पोचेस्तोवर ती घरात शिरलेली असते.

संपली गोष्ट. कुणी वाचवायला येत नाही आणि कसली शिकवणही नाही. मुलगी स्वतःच्या डोक्यानं सुटते, आणि तेही शौचाचं निमित्त काढून.

टोपी आली कुठून

शार्ल पेरो. फ्रेंच अकादमीचा सभासद, चौदाव्या लुईच्या दरबारात कोलबेर या मंत्र्याच्या हाताखाली वर्षानुवर्षं काम केलेला माणूस. १६९७ मध्ये, वयाच्या सत्तरीला टेकल्यावर, त्याचा छोटासा कथासंग्रह निघाला आणि त्यात ही मुलगी लाल टोपडं घालून अवतरली. टोपलीत केक आणि लोण्याचं भांडं. नरलांडग्याचा साधा लांडगा झाला, मांस-रक्ताचं जेवण गेलं, मांजर गेलं, शौच अर्थातच गेलं. कपडे काढण्याचा लांबलचक प्रसंग एका क्रियापदात आटोपला, पण मुलगी पलंगात शिरते ते मात्र ठेवलं. आणि सुटका काढून टाकली. लांडगा तिला खातो, पूर्णविराम. त्याखाली पद्यात तात्पर्य, की देखण्या तरुण मुलींनी वाटेल त्याचं ऐकू नये, आणि सगळे लांडगे सारखे नसतात, गोड बोलून घरात आणि पलंगापर्यंत येणारे जास्त धोक्याचे.

म्हणजे इथं लैंगिक अर्थ शोधून काढायला मानसविश्लेषक लागतच नाही, पेरोनं स्वतःच तो खाली लिहून ठेवलाय. वाचक ठरलेले होते, दरबारातल्या आणि सलॉनमधल्या, म्हणजे बड्या घरांतल्या साहित्यिक बैठकांतल्या बायका. हस्तलिखिताची १६९५ ची एक प्रत न्यूयॉर्कच्या मॉर्गन लायब्ररीत आहे, राजाच्या पुतणीला अर्पण केलेली, आणि त्यात या कथेच्या शेवटी समासात एक सूचना आहे की हे शब्द मोठ्या आवाजात म्हणायचे, म्हणजे लांडगा आता खाणारच असं वाटून मूल दचकेल. मला ही टीप फार आवडते. कारण एवढ्या सगळ्या प्रतीकांच्या चर्चेत ही गोष्ट मूळात अंगावर धावून जाण्याचा खेळ म्हणूनही सांगितली जायची, हे कुणाच्या लक्षात राहत नाही.

मग ग्रिम. १८१२ च्या पहिल्या खंडात ही कथा सव्विसावी आहे. ती त्यांना मिळाली कासेल शहरात, हासेनप्फ्लूग कुटुंबातल्या जेनेट आणि मारी या बहिणींकडून. दोघी तेव्हा विशीतल्या, सरकारी अधिकाऱ्याच्या मुली, आईकडून ह्यूगेनो वंशाच्या, म्हणजे फ्रान्समधून पळून आलेल्या प्रोटेस्टंटांच्या, आणि घरात फ्रेंच बोलली जायची. आता जुळवा. पेरोची छापील कथा फ्रेंच घरांतून जर्मन दिवाणखान्यात येते आणि तिथून 'जर्मन लोकांच्या' कथासंग्रहात जाते. गंमत म्हणजे कितीतरी वर्षं या मारीला ग्रिमच्या ओळखीतल्या वाइल्ड कुटुंबाची म्हातारी मोलकरीण समजत होते, विल्हेल्म ग्रिमच्या मुलानंच तसं लिहून ठेवलं होतं. लोककथा म्हटलं की सांगणारी म्हातारी आणि गरीबच हवी ना. हाइन्झ रोलेके या अभ्यासकानं १९७५ मध्ये तो घोळ निस्तरला.

ग्रिमना पेरोचा शेवट जड गेला असणार. शिकारी एका नाटकात आधीच येऊन गेला होता, लुडविग टीक या जर्मन लेखकानं १८०० मध्ये या कथेचं पद्य नाटक केलं त्यात, पण तिथं तो लांडग्याला गोळी घालतो तोवर उशीर झालेला असतो. पोट फाडणं आणि दगड भरणं हे लांडगा आणि सात करडांच्या गोष्टीतून आलं, ती ग्रिमच्याच पुस्तकात आहे. आणि आईची ती ताकीद, नीट चाल, वाट सोडू नकोस, पडशील आणि काच फुटेल, ही १८१२ ची, चांगल्या घरातल्या मुलांना वळण लावणारी.

आता फ्रॉमची यादी परत बघा. टोपी १६९७ ची, बाटलीची ताकीद १८१२ ची, दगड दुसऱ्या कथेतून उसने. तीन वेगवेगळ्या जागची कापडं जोडून शिवलेल्या गोधडीवर तो एकाच माणसाचं स्वप्न वाचत होता. बाटलीबद्दल जाता जाता, १९९० च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या दोन स्कूल डिस्ट्रिक्टनी या कथेचं एक सचित्र पुस्तक मुलांपासून लांब ठेवलं होतं, कारण काय तर टोपलीत वाइनची बाटली दिसते. म्हणजे फ्रॉमला बाटलीत कौमार्य दिसलं आणि त्यांना बाटलीत दारू दिसली, आणि टोपलीत वाइन घालणाऱ्या कासेलच्या लोकांना आजारी माणसाला ताकद यावी एवढंच दिसत असणार.

पण डार्नटनचंही सगळं खरं नाही

इथपर्यंत वाचून इतिहासकार जिंकला असं वाटतं, आणि बहुतेक जण इथंच थांबतात. पण त्याच्याही बाजूला भोकं आहेत.

पहिलं म्हणजे तारखा. सतराव्या-अठराव्या शतकातला शेतकरी कशी गोष्ट सांगायचा याचा पुरावा म्हणून जी रूपं पुढं केली जातात ती गोळा झाली एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी. निएव्रची कथा पेरोच्या पुस्तकानंतर १८८ वर्षांनी कागदावर आली. ती पेरोच्या आधीची असणार असं मानायला कारणं चांगली आहेत, मांजर, सुया-टाचण्या, मांस-रक्त हे पेरोत नाही आणि लांब लांबच्या रूपांत परत परत सापडतं, तेव्हा ते कुठल्या तरी जुन्या साठ्यातून आलं असणार. पण 'असणार' आणि 'आहे' यात फरक आहे. डार्नटनला ही अडचण माहीत आहे आणि तो ती लपवत नाही, तरी निबंधाचा सूर मात्र 'ही बघा खरी गोष्ट' असाच आहे. आणि त्यानं सुरुवातीला दिलेलं रूप मुलगी खाल्ली जाते तिथं संपतं, सुटकेचा दोर त्यात नाही. दोन्ही शेवट तोंडी परंपरेत आहेत. पण क्रूर, उपासमारीच्या जगातल्या कथा म्हणजे काय हे दाखवायचं असेल तर खाल्ली जाणारी मुलगी जास्त कामाची, नाही का?

दुसरं, लाल रंग. डेलारूचं मत होतं की टोपडं ही पेरोची किंवा त्याला गोष्ट सांगणाऱ्याची जोड, आणि म्हणून त्यावर अर्थ लादण्यात अर्थ नाही. पण लिएजच्या एगबर्ट नावाच्या धर्मशिक्षकानं १०२२ ते १०२४ च्या सुमारास विद्यार्थ्यांसाठी लिहिलेल्या लॅटिन पद्यसंग्रहात लांडग्यांपासून वाचलेल्या मुलीची एक छोटी कविता आहे. मुलगी पाच वर्षांची. बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्यानं तिला लाल लोकरीचा अंगरखा दिलेला. पहाटे ती एकटीच फिरत असते, लांडगा उचलून रानात नेतो, पिल्लांपुढं टाकतो, पण पिल्लं तिला फाडायचं सोडून तिचं डोकं चाटत बसतात, आणि ही पोरगी त्यांना दटावते, ए उंदरांनो, माझा अंगरखा फाडू नका, तो मला धर्मपित्यानं दिलाय. १९९० च्या दशकात यान झिओल्कोव्स्की या मध्ययुगीन लॅटिनच्या अभ्यासकानं ही कविता या वादात आणली.

आजी नाही, पलंग नाही, ही तीच कथा आहे का यावर भांडता येईल. पण मुलगी, लांडगा आणि लाल कपडा हे तिन्ही एकत्र पेरोच्या जवळजवळ पावणेसातशे वर्षं आधी होते. आणि तिथं लाल म्हणजे पाळी नाही. तिथं तो बाप्तिस्म्याचा कपडा आहे, मुलीचं रक्षण करणारा. मग लाल रंगाचा 'खरा' अर्थ कुठला, एगबर्टचा की फ्रॉमचा? दोन्ही आपापल्या जागी बसतात, आणि सगळीकडे सारखी भाषा हा फ्रॉमचा मूळ दावा तिथंच मोडतो. फ्रॉमचे चाहते म्हणतात की अहो तो ग्रिमची कथा वाचत होता, फ्रेंच शेतकऱ्यांची कशाला आणता मध्ये. वाजवी बचाव आहे, पण फ्रॉमला तो वापरता येत नाही. कासेलच्या दिवाणखान्यातल्या दोन मुलींच्या कथेचा अर्थ लावतोय एवढंच म्हटला असता तर कुणी हटकलं नसतं.

वेर्दिए

आता या प्रकरणातला मला सगळ्यात आवडलेला साक्षीदार. इवॉन वेर्दिए ही फ्रेंच मानववंशशास्त्रज्ञ. ती आणि तिच्या सहकारी बर्गंडीतल्या मिनो नावाच्या गावात बरीच वर्षं काम करत होत्या, तिथल्या धुणं धुणाऱ्या, शिवणाऱ्या आणि रांधणाऱ्या बायकांबद्दल तिचं १९७९ चं पुस्तक आहे. तिनं टोपी बाजूला ठेवली आणि ज्यांना बाकीचे फालतू तपशील समजत होते त्या सुया-टाचण्या हातात घेतल्या. डेलारूला स्वतःला तो प्रश्न पोरकट वाटला होता, सुयांच्या वाटेनं की टाचण्यांच्या, याला काय अर्थ.

वेर्दिएला मिनोतल्या बायकांनी सांगितलं ते असं. पंधराव्या वर्षाच्या आसपास मुलीला एका हिवाळ्यापुरती शिवणारणीकडं पाठवायचे. शिवण शिकणं हा त्यातला भाग होताच, पण त्याहून जास्त म्हणजे मुलीनं जरा नीटनेटकं व्हावं, कपडालत्ता, बोलणंचालणं शिकावं, आणि याला म्हणायचेच टाचण्या वेचायला पाठवणं. मुलगे मुलींना टाचण्या भेट द्यायचे, म्हणजे टाचणीचा संबंध वयात येण्याशी आणि लाजतबुजत चाललेल्या प्रेमाशी. सुईला मात्र नाकं असतं आणि त्यातून दोरा जातो, तिचा इशारा पुढच्या पायरीचा. मग ही मुलगी चौकात कसली वाट निवडते ते उघड आहे. पुढचं तिचं वाचन आणखी धारदार आहे. मुलगी आजीचं मांस-रक्त घेते म्हणजे मूल जन्माला घालायची ताकद एका पिढीकडून दुसरीकडं जाते, म्हातारीची संपते तेव्हाच मुलीची सुरू होते, आणि लांडगा हा यात जवळजवळ निमित्तमात्र, खरा व्यवहार आजी, आई आणि मुलगी यांच्यातला. काही रूपांत शेवटी नदीवर धुणं धुणाऱ्या बायका चादर ताणून मुलीला पार करतात, आणि लांडगा त्याच चादरीवर आला की हात सोडून देतात.

लक्षात आलं का काय झालं ते? पाळी, वयात येणं, शरीर, रक्त, बायकांच्या हातात असलेली सत्ता. फ्रॉम जे म्हणत होता त्यातलं बरंच काही परत आलं, पण टोपीशिवाय. तेही डार्नटनला हवं तसंच, गावात राहून, कोण सांगतं आणि कोण ऐकतं ते विचारून. आणि डार्नटनच्या पुस्तकाच्या आधी, वेर्दिएचा लेख सत्तरच्या दशकाच्या शेवटचा आहे.

तिच्यावरही आक्षेप घेता येतात, मिनो आणि निएव्र ही एक जागा नाही, आणि विसाव्या शतकात सांगितलेल्या आठवणींवरून जुन्या कथेचा अर्थ लावायचा म्हणजे उडी मोठीच. तरी ही उडी कुठून कुठं मारली ते ती दाखवते. फ्रॉम दाखवत नाही.

बाकीचे साक्षीदार पटकन

मानसविश्लेषक ब्रूनो बेटलहाइमनं १९७६ मध्ये फ्रॉमचाच धागा पकडला, त्याच्या मते मुलगी टोपीसाठी लहान नाही, टोपी जे सुचवते ते पेलायला लहान आहे. त्याला ग्रिमचं रूप आवडतं कारण त्यात पोटातून परत जन्म आहे, आणि पेरोचं आवडत नाही कारण सगळं उघड सांगून टाकलं की मुलाच्या मनाला काम उरत नाही. ते निरीक्षण चांगलं आहे, पण आवडीचं रूप तेच बरोबर रूप असं कसं?

अमेरिकन लोकसाहित्यज्ञ ॲलन डंडस स्वतः फ्रॉइडवाला, पण १९८९ मध्ये त्यानं दोन्हीकडच्यांना झोडपलं. मानसविश्लेषकांना एका छापील रूपावर समाधान मानल्याबद्दल, आणि इतिहासकार-लोकसाहित्यवाल्यांना अर्थ लावायलाच घाबरल्याबद्दल. शिवाय हा सगळा वाद फ्रान्स-जर्मनीतच अडकलाय हे त्यानं दाखवलं, कारण चीन, जपान, कोरियात आजीचं रूप घेऊन येणाऱ्या वाघाची कथा आहे, त्यात अंधारात पलंगावर आजी काहीतरी कुडूम कुडूम खात असते, ती धाकट्या भावंडाची बोटं निघतात, आणि मोठी मुलगी बाहेर जायचं निमित्त काढून दोर सोडवून पळते. तोच दोर! लाल टोपी अर्थातच नाही. २०१३ मध्ये जमशीद तेहरानी या मानववंशशास्त्रज्ञानं जगभरची ५८ रूपं घेऊन, ७२ तपशील मोजून, जीवशास्त्रज्ञ प्राण्यांची वंशावळ काढतात तशी या कथांची काढली. त्यात लाल टोपीवाली आणि सात करडांची कथा या दोन वेगळ्या शाखा निघाल्या, आणि पूर्वेकडची रूपं दोन्हींची सरमिसळ करून झालेली दिसली. म्हणजे सगळं चीनमधून आलं या जुन्या समजुतीला त्यातून आधार मिळाला नाही.

मग फ्रॉमचं काय करायचं

एकगठ्ठा निकाल देऊन चालणार नाही, दावे वेगवेगळे काढावे लागतील. टोपी म्हणजे पाळी, हे ग्रिमच्या कथेपुरतं एक शक्य वाचन, त्यापलीकडे नाही, एगबर्टनं तो रस्ता बंद केला. बाटली म्हणजे कौमार्य, हे मला अजिबात पटत नाही, निएव्रची मुलगी दुधाची बाटली घेऊन निवांत जाते आणि ग्रिमची ताकीद ही त्या पुस्तकातल्या इतर शिस्तीच्या वाक्यांसारखीच आहे. वयात येणाऱ्या मुलीची कथा, हा मोठा मुद्दा मात्र टिकला, फ्रॉमनं दिलेला पुरावा बाद होऊनसुद्धा. पोटातले दगड म्हणजे वांझपणा, हे सगळ्यात कच्चं. तेच दगड करडांच्या कथेतही आहेत आणि तिथं शेळी आपली पोरं सोडवते, पुरुषाच्या गर्भारपणाचा तिथं संबंध जोडून दाखवा बघू.

राहिला बायकांचा विजय. इथं शिकारी आडवा येतो, कारण ग्रिमच्या कथेत दोघींना बाहेर काढतो तो पुरुष, आणि फ्रॉम त्याला फारसं वजन नाही म्हणून बाजूला सारतो. पण ग्रिमच्या कथेला एक शेपूट आहे, बहुतेक मुलांच्या पुस्तकांत ते गाळतात. पुढच्या वेळी दुसरा लांडगा भेटतो, मुलगी सरळ आजीकडं येऊन सांगते, दोघी दार लावून घेतात, लांडगा छपरावर चढून दबा धरतो. आजी म्हणते, काल मी सॉसेज शिजवलेत, ते पाणी दारापुढच्या दगडी हौदात ओत. मुलगी बादल्या भरभरून ओतते, वास वर जातो, लांडगा मान लांब करून करून बघतो आणि घसरून थेट हौदात, बुडून मेला. हे शेपूट आलं मारी हासेनप्फ्लूगकडून, जिला पुढं म्हातारी मोलकरीण ठरवलं तीच. त्यात एकही पुरुष नाही, दगड नाहीत, टोपीचा काही संबंध नाही, आणि फ्रॉमला जो विजय सिद्ध करायचा होता तो पहिल्या लांडग्याच्या पोटात शोधण्याऐवजी त्याच कथेत थोडं खाली जसाच्या तसा छापलेला होता.